काकूंचं पोलीस संरक्षण

इटियाडोहच्या कालव्याकाठी आमच्या गावात शेजारच्या काकूंना त्यांचा मुलगा घर नावावर करून दे म्हणून धमकावायचा. काकूंनी अर्ज केला आणि संरक्षणाला एक हवालदार मिळाला. तो रोज ओसरीवर खुर्ची टाकून बसायचा. "काकू, भेऊ नका, मी आहो ना," असं म्हणून चहा मागायचा.

एका दुपारी मुलगा घराला लावायला कुलूप घेऊन आला. हवालदार उठून काकूंच्या मागे उभा राहिला. "तुमीच बोला, काकू. त्याची वर ओळख आहे. माही बदली होऊन जाईन."

काकूंनी मुसळ उचललं. "कायले आला रे? मी जित्ती आहो अजून!"

मुलगा आल्या पावली परतला.

हवालदारानं घाम पुसून वहीत लिहिलं, 'पोलिसांच्या सतर्कतेमुळे अनर्थ टळला.' त्याखाली साक्षीदार म्हणून माझी सही आहे.