काझुएमावशी हसल्या का?

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्यालाही नाही. तुम्हाला का सांगतेय – तेही नीट कळत नाहीये.

इथे अमेरिकेत, सिअ‍ॅटलजवळच्या बेलव्ह्यूला, आमच्या शेजारी काझुएमावशी राहायच्या. जपानी, नव्वदीच्या पुढच्या. माझी मुलगी त्यांना मावशी म्हणायला लागली, मग आम्हीही. युद्धानंतरच्या जळालेल्या टोकियोत, सोळाव्या वर्षी, त्या एका स्टुडिओच्या रांगेत उभ्या राहिल्या – तिथे दुपारचं जेवण मिळतं, एवढंच ऐकून. आणि नटी झाल्या. आधी मोलकरणी, मग नायिकेच्या मैत्रिणी, मध्यंतराआधी मरणाऱ्या बहिणी. मुख्य भूमिका एकदाच मिळाली. नवरा लढाईत मेला असं समजून खानावळ चालवणारी बाई. शेवटी तो दारात येऊन उभा राहतो. संवाद नाही, फक्त तिचा चेहरा.

दिग्दर्शक म्हणाला, रड. मावशी म्हणाल्या, ती हसेल. त्यांचे वडील परतले तेव्हा आई हसली होती, थांबेचना. कडाक्याचं भांडण झालं आणि शेवटी दोन्ही शॉट घेतले. कुठला ठेवला, हे त्यांना कळलंच नाही. पिक्चर लागायच्या आधी त्या एका अमेरिकन सैनिकाशी लग्न करून इकडे आल्या. माहेर तुटलं, स्टुडिओही. पिक्चर पुढे कुठे मिळाला नाही. ‘रडण्याचाच ठेवला असणार त्या हट्टी माणसानं,’ असं त्या इतक्या वर्षांनंतरही चिडून म्हणायच्या.

मग सिअ‍ॅटलच्या एका छोट्या थिएटरमध्ये तो पिक्चर एका दुपारपुरता लागला. तोवर मावशींची नजर गेली होती.

“तू जा,” त्या म्हणाल्या. “शेवट बघ. मला सांग.”

मी गेले. खरंच गेले – पण पिक्चर फार संथ होता, आणि मला नाटकाच्या तालमीला पोचायचं होतं. आमच्या मंडळाचं गणपतीतलं नाटक. फोन सारखा थरथरत होता: ‘अगं, येतेयस ना यार?’ मी उठले. शेवटाला किती वेळ होता? वीस मिनिटं? तेवढं बसवलं नाही मला.

दुसऱ्या दिवशी मावशी सोफ्यावर चांगली साडी… नाही, किमोनो नेसून बसल्या होत्या. माझ्यासाठी. त्या बातमीसाठी.

“काय ठेवलंय त्यानं?”

मी उठून आले, एवढं म्हणायचं होतं. तोंडातून निघालं – “तुम्ही हसता, मावशी.”

त्यांनी किमोनोची बाही सारखी केली. मग म्हणाल्या, “म्हणजे ऐकलं त्यानं माझं.” आणि चेहरा झाकून घेतला. आनंद होता तो? की इतकी वर्षं त्याला शिव्या घातल्याचं दुःख? मला अजून ठरवता येत नाही. त्यानंतर त्या त्याच्याबद्दल वेगळंच बोलायला लागल्या. मोठा माणूस होता म्हणायच्या.

यंदा वसंतात त्या गेल्या. अंत्यविधीनंतर त्यांची मुलगी माझे हात धरून म्हणाली, “तुझ्यामुळे आई शांतपणे गेली.” मी मान डोलावली. म्हणजे पुन्हा तेच केलं.

मग मी तो पिक्चर शोधला. ऑनलाइन आलाय आता. या वेळी शेवटपर्यंत पाहिला.

मावशी रडतात. आधी ओठ हसायला जातात, मग ते हसू टिकत नाही, आणि त्या अशा काही रडतात की – दिग्दर्शकाचं बरोबर होतं. त्यांचं आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम ते रडणं होतं. आणि मी त्यांना सांगितलं, की ते पिक्चरमध्ये नाहीच.