अण्णांचा सिद्धांत

माझ्या थोरल्या दिरांनी चाळीस वर्षं धर्म आणि संस्कृती यांचा विचार केला, आणि त्यांचं स्वतःचं मत काय होतं हे बेंगळुरूतल्या एकाही माणसाला शेवटपर्यंत कळलं नाही. मला तरी कळायला हवं होतं, कारण बावीस वर्षं आमच्या बसवनगुडीच्या घराचा जिना चढून वरच्या खोलीत त्यांना डबा नेऊन देणारी मीच. सगळे त्यांना अण्णा म्हणत. सासरची माणसं इथं कधी येऊन स्थिरावली ते त्यांनाही सांगता येत नाही, बोलण्यात मराठीइतकंच कन्नड. मी निपाणीकडची, विमा कंपनीत दावे निकाली काढते. कागद पाहायचा, हो किंवा नाही लिहायचं, पुढचा कागद घ्यायचा. अण्णा कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवत, आणि चहा हवा की कॉफी एवढं विचारलं तरी आधी दोन्हींची बाजू ऐकावी लागे. तोवर दूध उतू जाई.

दोष त्यांच्या पद्धतीचा. आपलं मत सांगण्याआधी विरोधकाचं म्हणणं मांडायचं, तेही त्याला स्वतःला जमणार नाही इतकं नेटकं, ही जुन्या शास्त्रकारांची रीत. तो पूर्वपक्ष. त्यानंतर आपलं उत्तर, तो सिद्धांत. अण्णांचा पूर्वपक्ष इतका भक्कम व्हायचा की त्याला उत्तर देण्याचा त्यांनाच संकोच वाटे. माणूस विधी का करतो, यावर त्यांचा ग्रंथ चालला होता. नऊ वह्या भरल्या, नऊही पूर्वपक्षाच्या. नास्तिकांना वाटे अण्णा आपले, मठवाल्यांना वाटे अण्णा आपले. दोघंही त्यांना हौसेनं व्याख्यानाला बोलावत आणि दोघंही पुन्हा बोलावत नसत. विभागप्रमुखाच्या मुलाखतीत समितीनं विचारलं, ‘तुम्हालाच का नेमावं?’ अण्णा म्हणाले, ‘आधी माझ्या सहकाऱ्याची बाजू पाहू,’ आणि वीस मिनिटं पाहिली. सहकारी प्रमुख झाला. एकदा नासके टोमॅटो परत करायला मी त्यांना भाजीवालीकडे पाठवलं, तर आणखी एक किलो घेऊन आले. ‘सकाळपासून उन्हात बसते गं ती, सुधा. तिच्या जागी मीसुद्धा नासलो असतो.’

बावीस वर्षांपूर्वी जाऊबाई घर सोडून म्हैसूरला माहेरी निघाल्या तेव्हाचंही तसंच. समजूत घालायला चामराजपेटचे मामा आले होते. अण्णांनी बायकोची बाजू मांडायला घेतली. जेवताना पुस्तक, बोलताना पुस्तक, घरात असून नसलेला नवरा, सणाच्या दिवशीही पाहुण्यांशी वाद. तासाभरानं मामांनी डोळे पुसले आणि स्वतः जाऊन रिक्षा आणली. जाऊबाई दारात थांबल्या. ‘इतकं सगळं कळत होतं तुम्हाला?’ अण्णा म्हणाले, ‘हो.’ त्यापुढं ‘जाऊ नकोस’ एवढंच म्हणायचं होतं. मी उंबऱ्याशी उभी राहून वाट पाहत होते. रिक्षा गेली.

गेल्या वर्षी त्यांच्या पोटात गाठ निघाली. डॉक्टरांनी फार महिने सांगितले नाहीत. माझ्या नवऱ्याला काही सुचेना. भावासमोर बसायचा आणि पाणी प्यायला उठायचा. कुणीतरी विचारायला हवं होतं, म्हणून मी विचारलं.

‘अण्णा, तुमच्यामागं काय करायचं? तेरा दिवसांचं सगळं करायचं की नुसतं दहन? एका शब्दात सांगा.’

‘एका शब्दात?’ ते हसले. ‘स्वल्प वेळ दे. वही घे.’

त्यांना आता बसून लिहवत नव्हतं, म्हणून मी लिहून घेऊ लागले. पहिल्या दिवशी करावं म्हणणाऱ्यांची बाजू झाली. दुसऱ्या दिवशी करू नये म्हणणाऱ्यांची. तिसऱ्या संध्याकाळी मी वही मिटली.

‘झालं ना सगळ्यांचं? आता तुमचं बोला.’

‘एक पक्ष राहिला.’

‘आता आणखी कुणाचा?’

‘तुझा. उघड वही. लिही. ती म्हणते, तेरा दिवस रांधायचं मला, रजा जाणार माझी. ती म्हणते, माझे गुडघे दुखतात, पण ते जिन्यापुरतेच. वर पोचण्याआधी मी एक पायरी थांबते आणि चेहरा नीट करते. ती म्हणते, मी तोडून बोलते, कारण माझं पूर्ण ऐकून घ्यायला कुणी थांबेल असं मला कधी वाटलं नाही.’

गुडघ्यांचं मी नवऱ्यालाही सांगितलं नव्हतं. त्या पानावरचं माझं अक्षर अजूनही वाचवत नाही.

‘बरोबर मांडलं का?’ अण्णांनी विचारलं.

‘सरी, बरोबर,’ मी म्हटलं. ‘आता सिद्धांत सांगा.’

‘तो उद्या.’

दुसऱ्या दिवशी त्यांची वाचा गेली, आणि चार दिवसांनी ते. दारात माणसं जमली होती. नवऱ्यानं मला बाजूला घेऊन विचारलं, ‘अण्णांनी काय ठरवलंय?’ वही माझ्या हातात होती. शेवटचं पान वाचून दाखवलं असतं तर माझी तेरा दिवसांची सुटका होती, आणि कुणी मला बोललंही नसतं. विम्याच्या कामात इतकी वर्षं गेली. कागदावर नसलेला निर्णय मी त्या दिवशी पहिल्यांदा दिला.

‘सगळं करायचं,’ मी म्हटलं. ‘आणि म्हैसूरला फोन लाव.’

जाऊबाई त्याच संध्याकाळी आल्या आणि तेराव्यापर्यंत राहिल्या. आम्ही दोघींनी मिळून रांधलं. एकदा सुपातून मान वर न करता त्यांनी विचारलं, ‘मला बोलवा असं खरंच सांगितलं त्यांनी?’ मी म्हटलं, ‘तांदूळ निवडून झाले का?’ त्यांनी पुन्हा विचारलं नाही.

वरची खोली आता भाड्यानं द्यायची आहे. आठवड्यातून एकदा झाडायला जाते. वर कुणी नसतं हे मला माहीत आहे, तरी शेवटच्या पायरीआधी थांबते, चेहरा नीट करते आणि मगच कडी काढते.