न फिरणारी चकती

अण्णांनी रिटायर झाल्यावर एक यंत्र केलं. इतरांचे वडील रिटायर झाले की पारावर बसतात, नाहीतर सुनांच्या चुका काढतात. आमच्या घरात सून नव्हती. एकुलती एक लेक होती, आणि ती लातूरला क्लासमध्ये गणित शिकवत होती, भाड्याच्या दोन खोल्यांत एकटी राहत होती. मग त्यांनी मुखेडच्या घरात बसून, तीन वर्षं खपून ते केलं. ते त्याला फाट्याचं यंत्र म्हणायचे.

अण्णा एसटीत कंट्रोलर होते. जन्मभर स्टँडवरच्या केबिनमध्ये बसून गाड्या सोडल्या. त्यामुळं त्यांच्या लेखी आयुष्य म्हणजे रस्ता, आणि ‘असं झालं असतं तर’ म्हणजे एकेक फाटा. यंत्रही त्याच डोक्यातून निघालेलं. प्लायवूडच्या फळीवर, जुन्या वेळापत्रकांच्या पत्र्यातून कापलेल्या चकत्या एकीवर एक बसवलेल्या. मोठीवर गाड्यांच्या वेळा, तिच्यावरच्या चकतीवर मिनिटं, तिच्यावर वर्षं. शिलाई मशीनचं हँडल फिरवलं की चकत्या फिरायच्या आणि सायकलच्या तारेचा काटा कुठंतरी थांबायचा. मग अण्णा वहीत आकडेमोड करायचे आणि सांगायचे, त्या फाट्यानं गेलो असतो तर आज कुठं असतो. मी ती आकडेमोड तपासली होती. सगळ्या पायऱ्या बरोबर होत्या, फक्त पहिलीच वेडी होती.

यंत्रावर फाटे पुष्कळ होते, पण अण्णा जायचे एकाच फाट्यानं.

मी सातवीत होते तेव्हाची गोष्ट. पहाटेपासून आईच्या छातीत कळा येत होत्या. अण्णा ड्यूटीवर निघून गेले होते. शेजारच्या काकू म्हणाल्या, सकाळच्या गाडीनं नांदेडला जाऊन दाखवून ये, आणि तिला निघायला उशीर झाला तेव्हा त्यांनीच स्टँडवर निरोप पाठवला की ही येतेय, पाच मिनिटं गाडी थांबवा. अण्णांचा मात्र एक नियम होता. पुढाऱ्याच्या माणसासाठी गाडी थांबवायची नाही आणि घरच्यासाठी तर नाहीच नाही. गावात त्यांच्या गाड्यांवर लोक घड्याळं लावायचे आणि त्याचा त्यांना अभिमान होता. गाडी वेळेवर सुटली. आई पाच मिनिटांनी पोचली. त्या वेळेला जीप मिळायची नाही, पुढची गाडी तासाभरानं होती. तो तास आई आणि अण्णा स्टँडच्या बाकावर बसून होते. तिसऱ्या दिवशी नांदेडच्या दवाखान्यातच आई वारली. त्या तासानं काही फरक पडला असता का, हे अण्णांनी डॉक्टरांना कधी विचारलं नाही. विचारायची हिंमत झाली नसणार.

ही झाली अण्णांची बाजू. माझी बाजू मी कुणालाच सांगितली नव्हती.

त्या सकाळी आई पायात चप्पल घालून दारात उभी होती. वेळेत पोचली असती. मी आडवी आले. दोन वेण्या, लाल रिबिनी, त्याशिवाय शाळेत बाई वर्गाबाहेर उभं करायच्या. मला एकटीला वेण्या जमत नव्हत्या. मी पाय आपटले. आई परत आत आली, खाली बसली, आणि माझ्या डोक्याला तेल लावून दोन वेण्या घातल्या. मधेच एकदा तिचे हात थांबले होते. मी म्हटलं, लवकर कर की. सुतकाचे दिवस संपल्यावर मामीनं माझे केस कापून टाकले, तेव्हापासून ते तेवढेच आहेत.

यंत्र झाल्यावर अण्णांचा रोज संध्याकाळी सातला फोन यायचा. इकडची बातमी दोन वाक्यांत संपायची, मग ते ‘तिकडं’ वळायचे. तिकडं म्हणजे जिथं गाडी पाच मिनिटं थांबली होती तिथं. तिकडं आज बाजार होता, आईनं वांगी आणली. तिकडं तिच्या गुडघ्याला तेल चोळावं लागतंय. मला भीती वाटायची आणि रागही यायचा. एकदा मी चिडून विचारलं, तिकडं मी काय करतेय?

“तू बी हाईस की. लग्न झालंय तुझं. दोन लेकरं हाईत, लई वांड.”

मी फोन ठेवला. माझ्या वाट्याला इकडची मी आली होती.

दिवाळीत गावी गेले की मीही हँडल फिरवायची. मोठ्या चकतीच्या खाली फळीला चिकटून एक लहानशी चकती होती. बाजूनं वाकून पाहिलं तर तिची फक्त कड दिसायची आणि ती फिरायची नाही. मी एकदा विचारलं तर म्हणाले, गंज चढलाय, ऱ्हाऊ दे. त्या दिवशी वेण्यांचं सांगून टाकावं असं फार वाटलं होतं. तुमचा हिशेब स्टँडवरून सुरू होतो अण्णा, तो घरापासून सुरू करा, असं म्हणायचं होतं. शब्द तोंडाशी आले आणि त्यांनी चहा पुढं केला. मी चहा घेतला.

गेल्या वर्षी अण्णा गेले. तेरावा झाला, पाहुणे पांगले, आणि मी यंत्र लातूरला न्यायचं म्हणून खोलायला बसले. मधला नट सैल केला, एकेक चकती काढून ओळीनं ठेवली. शेवटी ती लहान चकती उघडी पडली. गंज कुठंच नव्हता. चारी बाजूंनी चार रिबीट ठोकून तिला फळीत पक्की बसवली होती. वर ऑइलपेंटनं, बोर्ड लिहायच्या त्यांच्या सरळ अक्षरात लिहिलं होतं: घर. वेण्या. दहा मिनिटं.

आईनं त्या बाकावरच सांगितलं असणार. आणि पोरीला काही बोलू नका, असंही तीच म्हणाली असणार. म्हणजे अण्णांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. त्यांनी तोही फाटा इमानदारीनं कापला, लिहिला, आणि मग कुणालाच फिरवता येऊ नये म्हणून ठोकून टाकला. त्यानंतर रोज संध्याकाळी ते स्टँडवरून हिशेब सुरू करायचे आणि सगळा दोष स्वतःच्या अंगावर घ्यायचे.

यंत्र आता माझ्या खोलीत टेबलावर आहे. सातला फोन येत नाही, तेव्हा मी हँडल फिरवते. रिबीट काढायला छिन्नी आणली होती, ती परत ड्रॉवरमध्ये ठेवली. लोक म्हणतील, केवढी माया. माया होतीच. पण मला त्यांचा रागही येतो, अजून येतो. एकदा तरी म्हणायचं होतं अण्णांनी, माय, तुझ्यामुळं बी उशीर झाला. मी रडले असते, भांडले असते, आठ दिवस बोलले नसते. आणि मग आम्ही दोघं एका बाकावर बसलो असतो.