भाकऱ्यांचा सुपुर्दनामा

न्यायालयात नोकरी केलेल्या माणसाला किस्से गोळा करावे लागत नाहीत. आपण वेळेवर जावे आणि तोंड बंद ठेवावे. ते आपोआप साचत जातात. मी जुनी मॅट्रिक. आधी नांदेडला आणि पुढे उदगीरला जप्त मालाचे, म्हणजे मुद्देमालाचे, काम माझ्याकडे होते. सुरी, सायकल, हंडा यांचा त्रास नसे. निकालापर्यंत ती मुकाट पडून राहत. खाण्याचे पदार्थ मात्र न्यायालयासाठी थांबत नाहीत.

नांदेडला अर्धापूरच्या केळ्यांचा ट्रक पकडला होता. माल सोडावा म्हणून मालकाने अर्ज केला. सरकारी वकिलांनी म्हणणे मांडण्यासाठी पुढच्या आठवड्याची तारीख मागितली.

साहेब म्हणाले, "तुम्हांला देतो हो. केळ्यांना कोण देणार?"

तिथल्याच एका हवालदाराने आंब्यांच्या पाट्या नियमाप्रमाणे कापडात शिवून, लाखेचे सील लावून आणल्या. सुनावणी होईपर्यंत कापडातून रस गळू लागला.

"सील शाबूत आहे, साहेब," हवालदार अभिमानाने म्हणाला.

"मग अर्जदाराला सीलच द्या."

उदगीरला एकाच खव्यावर दोघांनी मालकी सांगितली. भांडण हातघाईवर आले. खव्याचा नमुना आधी तपासणीला पाठवू, असे साहेबांनी म्हणताच पहिला म्हणाला, "त्याचाच हाय जी."

"न्हाई, न्हाई," दुसरा म्हणाला, "ह्याचाच."

आणि गफूरचाचा. उदगीरचे धान्याचे दुकानदार. भूकंप झाल्यावर त्यांनी घरोघरच्या भाकऱ्या टेम्पोत भरल्या आणि पडलेल्या गावांकडे निघाले. घाईत टेम्पोने पोलिसांचा अडसर मोडला. गुन्हा दाखल झाला आणि टेम्पो भाकऱ्यांसकट जप्त झाला.

"तिकडं लेकरं उपाशी हायती, बाई," चाचा माझ्या टेबलाशी उभे राहून पुन्हा पुन्हा सांगत होते.

साहेबांनी जेवणाच्या सुट्टीत अर्ज ऐकला आणि सुपुर्दनाम्यावर, म्हणजे माल परत घेणाऱ्याच्या हमीपत्रावर, टेम्पो सोडला. कागद छापील होता. मुद्देमाल विकणार नाही, न्यायालय मागेल तेव्हा चांगल्या स्थितीत हजर करीन, असा मजकूर होता. तो भाकऱ्यांनाही लागू झाला. घाईत कोणी खोडला नाही. चाचांनी मजकूर वाचून घेतला आणि सही करताना त्यांचा हात थांबला.

"ही दिलेली जबान झाली का, बाई?"

"झाली," मी म्हणाले.

क्षणभर त्यांनी बाहेरच्या टेम्पोकडे पाहिले आणि सही केली.

खटला उभा राहीपर्यंत दहा-बारा वर्षे गेली होती, साहेब बदलले होते आणि लातूरला गल्लोगल्ली क्लासेस निघाले होते. मुद्देमालासह हजर राहावे, अशी नोटीस चाचांना गेली. ते दुकान सोडून माझ्याकडे आले. "उभ्या हयातीत शब्द मोडला न्हाई, बाई. आता काय करू?"

तारखेला नव्या साहेबांनी हमीपत्र वाचले. "टेम्पो आवारात दिसतो. भाकऱ्या?"

चाचांचे वकील उठले. चाचांनी त्यांना हातानेच बसवले आणि दाराबाहेरून एका मुलीला आत आणले. पाठीवर दप्तर, चेहऱ्यावर वैताग. ती त्या पडलेल्या गावातली. चाचांचे तिथे तेव्हापासून जाणे-येणे होते. आता ती लातूरला बारावीच्या क्लासला होती.

"हुजूर, समद्या तर आणता आल्या न्हाईत," चाचा म्हणाले. "त्यातल्या दोन हिनं खाल्ल्या होत्या."

साहेबांनी एकदा मुलीकडे, एकदा हमीपत्राकडे पाहिले. मग मला म्हणाले, "लिहा, बाई. मुद्देमाल हजर. स्थिती चांगली."

"सर, मी जाऊ का?" मुलीने विचारले. "बस चुकली तर फिजिक्स बुडेल."