तीन हाकांमधलं अंतर

भोंगेकाकांना खरं नाव होतं, पण कोर्टात ते कुणालाच ठाऊक नव्हतं. एकतीस वर्षं त्यांनी दुसऱ्यांची नावं पुकारली. न्यायाधीशांच्या दाराबाहेर उभं राहायचं, कागदावरचं नाव वाचायचं, तीनदा हाक मारायची. तिसऱ्या हाकेलाही माणूस आला नाही, तर दावा निकालात. आवाज असा, की दुसऱ्या मजल्यावर तोंड उघडलं तर रस्त्यापलीकडचा झेरॉक्सवाला मान वर करायचा. घरी चहा मागितला तरी शेजारीण भिंतीपलीकडून म्हणायची, "वहिनी, द्या हो त्यांना एकदाचा चहा!"

या आवाजावर सगळ्यात जास्त भिस्त होती ती मास्तरांची. शाळेतून निवृत्त होण्याआधी ते एका निवडणुकीत मतदान केंद्रावर अधिकारी होते. मतपेटीचं सील फोडून नवं लावलं जाताना त्यांनी डोळ्यांनी पाहिलं आणि निवडून आलेल्या माणसावर दावा ठोकला. तो माणूस पुढे मंत्री झाला. मग मास्तरांच्या तीन वकिलांना एकामागोमाग तब्येतीचे त्रास सुरू झाले, आणि मास्तर एकटेच लढू लागले. गुडघे पार कामातून गेलेले, लिफ्ट कायमची बंद. म्हणून ते तळमजल्यावर जिन्याजवळच्या बाकावर बसत. पहिली हाक खाली आली की उठायचे, दुसरीला पहिल्या मजल्यावर, तिसरीला दारात. मधल्या वेळात काका चष्मा पुसायचे, खोकायचे, उलटा धरलेला कागद सुलटा करायचे. असं करायचं कुणी कुणाला सांगितलं नव्हतं. मास्तर धापा टाकत एवढंच म्हणायचे, "आलो बरं का!"

मास्तरांच्या साक्षीच्या आदल्या दिवशी हेडक्लार्कनी काकांना खुर्ची दिली. एकतीस वर्षांत पहिल्यांदाच.

"काका, उद्या घसा बसलाय म्हणे तुमचा?"

"नाही हो. ठणठणीत आहे."

"बसलाय," हेडक्लार्क मायेनं म्हणाले. "तिन्ही हाका मारायच्या, नियम म्हणजे नियम. फक्त हळू. आणि झटपट. कशी मारली ते मारणाऱ्यालाच माहीत, सांगणार कोण?" मग त्यांनी टेबलावरची एक फाइल बोटानं सरळ केली. काकांच्या लेकीची. ती खालच्या नकला विभागात चार वर्षं हंगामी टायपिस्ट होती. "पोरगी कामाची आहे. सही तेवढी व्हायचीय."

राजा बोले, दल हाले. राजा कोण ते विचारायची गरज नव्हती. काका मान हलवून बाहेर आले. ती मान होकाराची होती की नकाराची, हे त्यांनाही धड सांगता आलं नसतं.

संध्याकाळभर त्यांचा पाय घरात ठरेना. खिडकीशी जा, पाणी पी, परत खिडकीशी. मोरीत जाऊन त्यांनी हळू आवाजात मास्तरांचं नाव घेऊन पाहिलं.

"कुणाशी बोलताय?" काकूंनी विचारलं. "आणि कुजबुजताय कशाला? तुम्ही कुजबुजलात की मला धडकी भरते बाई."

लेक जेवताना हसत म्हणाली, "बाबा, माझी फाइल वर गेलीय म्हणे. आता घोडामैदान जवळच!" काकांचा घास तोंडातच फिरत राहिला. तिला सांगावं तर तिच्या माथी ओझं, न सांगावं तर आपला जीव जातोय. त्यांनी सांगितलं नाही.

सकाळी मास्तर बाकावर होते, इस्त्रीचा सदरा, मांडीवर कापडी पिशवी. "आज एकदाचं बोलून टाकतो," ते म्हणाले. काका न थांबता जिना चढले.

अकराला आतून कागद आला. मंत्र्यांचे चार वकील पुढच्या रांगेत बसलेच होते. न्यायाधीश घड्याळाकडे बघत होते, दाराकडे नाही. काका बाहेर आले. अजून ठरलं नव्हतं, शप्पथ ठरलं नव्हतं. तोंड उघडलं की जे येईल ते येईल, असं त्यांनी स्वतःला बजावलं होतं. तोंड उघडलं आणि आलं ते मोरीतलंच नाव. मग दुसऱ्यांदा. मग लगेच तिसऱ्यांदा. चष्मा पुसला नाही, खोकले नाहीत.

"गैरहजर. दावा काढून टाकला," आतून आवाज आला. बस्स, मास्तरांची चार वर्षं संपली.

पुढची चार-पाच नावं त्यांनी कशी पुकारली देव जाणे. जेवणाच्या सुट्टीत ते खाली उतरले. लांबूनच निघून जावं असा विचार होता, पण पाय बाकाशीच आले.

"आज नंबर लांबला वाटतं," मास्तर म्हणाले. "आणि तुमचा आवाज का असा? मघाची नावं जरा ओढूनताणून येत होती." त्यांनी पिशवीतून खोकल्याची गोळी काढून काकांच्या तळहातावर ठेवली. "घ्या. घशाला जपा. आम्ही त्याच्यावरच तर जिना चढतो!"

काकांना वाटलं, याच्यापेक्षा कानाखाली वाजवली असती तर बरं झालं असतं. ते बाकावर बसले.

"तुमचं नाव होऊन गेलं, मास्तर. मी हाक मारलीच नाही. म्हणजे मारली, पण माझ्या मलाच ऐकू आली."

मास्तर बराच वेळ गुडघे चोळत राहिले. रागावले नाहीत, हेच वाईट होतं.

"लेकीसाठी," काका म्हणाले, आणि सांगितल्याची लाज वाटून पुढचं भराभर बोलले. "पण दावा परत उभा राहतो. हाक खाली पोचलीच नाही असं कुणीतरी शपथपत्रावर लिहून द्यायचं. मी एकतीस वर्षं बघतोय. अर्ज आजच टाका. लिहा."

मास्तरांनी पिशवीतून कागद, पेन काढलं. दोन ओळी लिहिल्या आणि थांबले.

"नोकरी जाईल तुमची. पोरीचीही."

"लिहा हो!"

"शपथपत्र करणाऱ्याचं नाव?" मास्तरांनी ओशाळून वर पाहिलं. "भोंगे असं तर लिहिता येणार नाही. माफ करा, चार वर्षांत मी कधी विचारलंच नाही."

काका उठून उभे राहिले. गोळी अजून मुठीतच होती. त्यांनी आपलं नाव सांगितलं, वडिलांच्या नावासकट, आडनावासकट, खणखणीत आवाजात. ते जिन्यातून वर गेलं. पहिल्या मजल्यावरचे वकील बोलायचे थांबले, दुसऱ्या मजल्याच्या कठड्यावरून हेडक्लार्क वाकले, आणि समोर नकला विभागाच्या दारात हातात डबा घेऊन लेक येऊन उभी राहिली.

काकांनी तिच्याकडे पाहिलं. चष्मा काढून सावकाश पुसला. मग आपल्याच नावाची दुसरी हाक दिली.