तोफेवरचा भंडारी

माझ्या मावसभावाइतका युद्धखोर माणूस उभ्या सिंधुदुर्गात नाही, आणि त्याच्याइतका भित्राही नाही. लढायांच्या इतिहासावर माहितीपट काढणारा हा माणूस समोर कुणी नारळ फोडायला घेतला तरी कानांत बोटं घालतो. लग्नाच्या पंगतीत सोलकढी शेवटच्या पानापर्यंत पोचली नाही की ‘रसद तुटली’ म्हणून हळहळतो आणि शेजारच्याला कुठल्याशा वेढ्याची हकिगत ऐकवत बसतो. शेजारच्याचा भात निवून जातो. माहितीपटातल्या हवाई हल्ल्याच्या भोंग्यासाठी त्याला आमच्या कुकरची शिट्टीच पसंत पडली. मनासारखी शिट्टी मिळेपर्यंत त्याने आईला गॅस बंद करू दिला नाही, आणि त्या दुपारी आम्ही भाताच्या नावाखाली खळ खाल्ली. त्याच्यावर रागावणं आईला कधी जमलेलंच नाही.

गेली दोन वर्षं त्याने आचऱ्याच्या एका नव्वदीला टेकलेल्या आजीचा पिच्छा पुरवला होता. दुसऱ्या महायुद्धात तिचे वडील बोटीवर होते; बोट बुडाली, ते परतले नाहीत. घरातून निघाले तेही घाईत, वाढलेलं ताट तसंच टाकून. कॅमेरा सुरू झाला की आजी एकच विचारायची, "त्येका बोटीर जेवाण गावला असतला काय रे?" आणि हा लाडाने सांगायचा, आजी, ते नंतर, आधी तोफांचं बोलू. बोटीच्या जुन्या यादीत वडिलांच्या नावापुढे ‘भंडारी’ लिहिलेलं. आजीचं घराणं भंडाऱ्यांचंच, तेव्हा कारकुनाने कामाच्या रकान्यात जात लिहून ठेवली असं याने ठरवलं आणि काम स्वतःच्या पदरचं दिलं: तोफ डागणं. आजीने ते साऱ्या वाडीला सांगितलं.

आचऱ्यात माहितीपट दाखवायच्या आदल्या दिवशी त्याने तो आमच्या घरी लावला. माझे बाबा जन्मभर बोटीवर खलाशी होते. यादी पडद्यावर आली आणि ते हसत सुटले. "अरे येड्या, बोटीर भंडारी म्हणजे जेवाण रांधणारो."

मावसभाऊ पांढराफटक पडला. आता आजीला सांगायचं कसं? तिचा शूर बाप आपण दिला, आपणच काढून घ्यायचा. मला त्याने सोबत ओढलं, आणि स्कूटरवर मागे बसून आचऱ्यापर्यंत तो माघार घेणाऱ्या सेनापतींचे दाखले देत राहिला.

आजी सुपात कुळीथ निवडत होती. तोफ नव्हतीच, ते सगळ्या बोटीचं जेवण रांधायचे, एवढं त्याने मान खाली घालून सांगितलं. आजीने सूप बाजूला ठेवलं.

"म्हणजे माझो बापूस उपाशी नाय गेलो."

तिची आई मरेपर्यंत त्या ताटाबद्दल बोलत होती म्हणे. मग तिने आम्हा दोघांना पेज वाढली, आणि आमचा युद्धखोर ती पेज खाताना ढसाढसा रडला.

तोफ त्याने कापून टाकली. आता त्या माहितीपटात एकही गोळा सुटत नाही. शेवटी आजीच्या वडिलांचा एकुलता एक फोटो येतो आणि आमच्या कुकरची शिट्टी होते. लोक हसतात. मीही हसतो, आणि दर वेळी माझे डोळे भरून येतात.