तज्ज्ञांच्या घरचं दूध

मी तिची नणंद. म्हणजे तिच्याबद्दल चांगलं बोलायची माझ्यावर कुणाची सक्ती नाही. तरीही सांगते, फाटलेलं कापड माझ्या वहिनीच्या हातात गेलं की ते कुठे फाटलं होतं हे ज्याचं त्यालाही सापडत नाही.

कपडे दुरुस्तीच्या दुकानात तिनं उभा जन्म काढला. दुकान बंद पडलं तेव्हा सगळ्यांना वाटलं, आता ही घरी बसेल. ती घरी बसली, पण जेवणाच्या टेबलावर शिलाई मशीन मांडून. वर भाचीच्या मागे लागून तिनं एक वेबसाइट काढून घेतली. नाव ठेवलं 'उसवलंय का?'. स्वेटरच्या कोपराला पडलेलं भोक, अडकलेली चेन, कोटाचं फाटलेलं अस्तर, एकेक दुरुस्ती फोटोंसकट. लोक खाली प्रश्न विचारायचे आणि ती प्रत्येकाला उत्तर द्यायची. एका आजोबांनी एकदा लिहिलं, 'बायको गेल्यावर पहिल्यांदाच सुई हातात धरली. तुमचं वाचून बटण लागलं.' वहिनीनं मला फोन करून ते वाचून दाखवलं आणि वाचता वाचता रडली. मीही रडले, पण तिला कळू दिलं नाही.

लिहिण्याची पद्धत मात्र जगावेगळी. हिचे दोन्ही हात कामात, म्हणून ही फोन समोर ठेवून बोलत जायची आणि माझा दादा नंतर कानाला हेडफोन लावून ते टाइप करायचा. दादा कचेरीतला लघुलेखक. साहेबाच्या तोंडून पडेल ते जसंच्या तसं उतरवायचं, पदरचं घालायचं नाही आणि त्यातलं गाळायचं नाही, या एका तत्त्वावर त्यानं अख्खी नोकरी केली. निवृत्तीनंतर साहेब बदलला, एवढंच. त्यामुळे 'दोरा दुहेरी घ्या'च्या पाठोपाठ 'अहो, बेल वाजतेय' हेही इमानेइतबारे साइटवर झळकायचं. मग कुणीतरी वाचक खाली हसायचा, वहिनी कपाळाला हात लावून ते वाक्य पुसायची आणि दादाची हजेरी घ्यायची.

"अहो, एवढं तरी कळायला नको का?"

"तू बोललीस, मी लिहिलं," दादा शांतपणे म्हणायचा.

असं सगळं सुरळीत चाललं होतं. आणि एका सकाळी कुणा अनोळखी बाईचा निरोप आला, 'दुसऱ्यांचं ढापून स्वतःच्या नावावर खपवता, लाज नाही वाटत?' खाली एका साइटचा पत्ता. वहिनीनं उघडून बघितलं तर तिथे तिचंच सगळं. तिचे लेख, तिचे फोटो, फोटोंत तिचेच हात, सुईच्या जुन्या खुणा असलेल्या अंगठ्यासकट. वर मोठ्या अक्षरात लिहिलेलं, 'आमच्या तज्ज्ञांच्या चमूकडून'. आणि प्रत्येक लेखावरची तारीख वहिनीच्या तारखेच्या आधीची.

चोर तो चोर, वर शिरजोर. त्या लोकांनी उलट वहिनीवरच तक्रार ठोकली होती. जिच्या जागेवर साइट चालते त्या कंपनीचं पत्र आलं, की मजकूर तुमचा असल्याचा पुरावा आठवड्याच्या आत द्या, नाहीतर साइट बंद करू. वहिनीनं आपल्या तारखा कळवल्या. उत्तर आलं, त्यांच्या तारखा आधीच्या आहेत. भाची म्हणाली, तारीख कुणीही हवी ती टाकू शकतो, आणि त्यांनी असा प्रोग्रॅम लावलाय की आपला लेख आला रे आला की उचलून तिकडे. पण हे सिद्ध कसं करायचं? मूळ फोटो जुन्या फोनबरोबर गेलेले.

मी पोचले तेव्हा वहिनीनं मशीनवर कापड घातलं होतं. तिचं मशीन झाकलेलं मी याआधी कधी बघितलं नव्हतं.

"साइट गेली तर गेली, वन्सं," ती म्हणाली. "पण ते आजोबा मला चोर समजतील हो."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी कॉम्प्युटर पुढ्यात ओढला आणि चोरांचं ते पान मोठमोठ्यानं वाचायला लागले. मधूनमधून माझ्याकडच्या शिव्याही घालत होते. "म्हणे तज्ज्ञ! ऐका, तज्ज्ञ काय म्हणतात. 'अस्तराची उलटी बाजू वर घ्या. कडेपासून बोटभर जागा सोडा. अहो, दूध बघा. आता टाका...'"

दादा उठला आणि तरातरा स्वयंपाकघरात गेला. आतून त्याचा आवाज आला, "अगं, गॅसवर तर काहीच नाही!"

वहिनी आणि मी एकमेकींकडे बघतच राहिलो.

"हे मी पुसलं होतं," ती हळूच म्हणाली. तिनं स्वतःचं पान उघडलं. तिथे दूध नव्हतं. तिनं पुसायच्या आधीच चोरांनी उचललं होतं आणि नंतर एकदाही वाचायची तसदी घेतली नव्हती. फुकटचं खाणारा खडे कशाला निवडतोय!

मग काय, आम्ही लेखामागून लेख वाचत सुटलो. तज्ज्ञांच्या घरी बेल वाजत होती, तज्ज्ञांचे मोजे पलंगाखाली सापडत होते. मी तर रंगातच आले होते. "आणि हे ऐका, 'काज करताना घाई करू नका. अगं बाई, वन्सं आल्या वाटतं. आता संध्याकाळपर्यंत काही उठायच्या नाहीत.'"

वहिनी सुईच्या नेढ्याकडे फार बारकाईनं बघायला लागली.

"ते... तज्ज्ञांनी लिहिलंय, वन्सं," ती म्हणाली.

तिला मी नंतर बघून घेणार होते. आत्ता प्रश्न होता तो पुराव्याचा. हे बोलणं आपल्याच घरातलं, हे कंपनीला कशावरून पटणार? तेव्हा दादा खाकरला. "रेकॉर्डिंगं आहेत."

"तुम्हाला ती पुसायला सांगितली होती ना? मान डोलावलीत तुम्ही!"

"मूळ प्रत नष्ट करायची नसते," दादा म्हणाला. सगळी कॉम्प्युटरमध्ये उतरवून, लेखाच्या नावानिशी लावून ठेवली होती त्यानं. अस्तराचं रेकॉर्डिंग लावलं. मशीनची घरघर, वहिनीचा आवाज, "अहो, दूध बघा," आणि लांबून दादाचं "बघतो". ते 'बघतो' त्यानं टाइप केलं नव्हतं. स्वतःचं कधीच करायचा नाही. साहेब बोलेल तेवढंच.

"वन्सं, तुमचं ते काजाचं... ते वगळू का?" पाठवताना वहिनीनं विचारलं.

"खबरदार! तेच सगळ्यात पक्कं आहे. चमूला कधी नणंद असते का?"

मुदत संपायच्या आतच कंपनीतल्या तपासणी करणाऱ्या बाईंचा फोन आला. वहिनीनं तो स्पीकरवर टाकला. तक्रार फेटाळली होती, आणि ती नकली साइटही त्यांच्याच जागेवर होती म्हणून त्यांनी ती बंद करून टाकली होती. सगळं सांगून झाल्यावर बाई जरा घुटमळल्या. "एक विचारू? त्या वन्सं अजून येतात का हो?"

"इथेच बसलेय!" मी ओरडले. "आणि संध्याकाळपर्यंत उठणार नाहीय!"

वहिनी इतकी हसली की तिला खुर्ची धरावी लागली. मग तिनं मशीनवरचं कापड ओढून काढलं, घडीसुद्धा घातली नाही, भिरकावून दिलं. इतका आनंद मला माझ्या स्वतःच्या घरातल्या कुठल्या गोष्टीचा झालेला आठवत नाही.

त्याच दुपारी तिनं सगळी हकीकत फोनपुढे बोलून काढली. दादानं टाइप केली. या वेळी काहीही पुसायचं नाही असं ठरलं, त्यामुळे मधेच 'वन्सं, पाय वर घेऊन बसा' असंही छापलं गेलं. खाली अभिनंदनाचा पाऊस पडला. ती भांडकुदळ बाईसुद्धा येऊन माफी मागून गेली. आणि आजोबांनी लिहिलं, 'मला खात्री होती. पण त्या दिवशी दूध बघितलं का कुणी?'

वहिनी उत्तर द्यायला पुढे झाली, तर दादानं कीबोर्डवर हात ठेवला.

"थांब. हे मला विचारलंय."

झरझर टाइप करणारा माझा भाऊ एकेक अक्षर शोधत बसला. कुणीही न सांगितलेलं तो पहिल्यांदाच लिहीत होता. 'बघितलं. उतू जाऊ दिलं नाही.'

वहिनीनं ते वाचलं, पुन्हा वाचलं, आणि त्यातला कानामात्राही हलवला नाही.